परत करा

बडोदे, शुक्रवार, रात्री साडेअकरा

पहाटे पाचला दांडिया बाजारातल्या तालमीत पोचलो. कुस्तीचा मातीचा हौदा नुकताच खणलेला, तेल-हळद-ताकाचा वास. पहिल्याच शॉटमध्ये पोरांच्या पाठींवरून पुसट पट्टे सरकताना दिसले. भिंतीवरच्या ट्यूब. आपली वीज ५० हर्ट्झची, तिच्या तालावर ट्यूब लुकलुकतात, आणि माझा कॅमेरा सेकंदाला २४ फ्रेमवर, म्हणून ताल चुकतो. शटर १७२.८ अंशांवर आणलं, म्हणजे प्रत्येक फ्रेमला सेकंदाचा पन्नासावा भाग उजेड, पट्टे गेले. पण उजेड मेलेलाच राहिला. वस्तादांना विचारून ट्यूब बंद केल्या. दारातून आणि वरच्या झरोक्यातून येईल तेवढ्यावर काम. आयएसओ, म्हणजे कॅमेऱ्याची उजेड टिपायची क्षमता, ३२०० पर्यंत चढवावा लागला, पण अंगावरची माती दिसायला लागली.

साडेसहाला मी लेन्स बदलत होतो. अकरा-बारा वर्षांचा एक पोरगा हरून कडेला बसला होता, रडू दाबत. वस्ताद गेले, मूठभर माती घेतली, त्याच्या मानेला चोळली आणि परतले. एक शब्द नाही. माझ्या एका हातात लेन्स, दुसऱ्या हातात टोपण.

दिग्दर्शिका हळूच म्हणाली, "दादा, वस्तादांना परत करायला सांगू या का?"

नाही म्हणालो. तिला राग आला असावा. तिचंही चूक नाही, फिल्म तिची आहे.

सावेदादांनी, म्हणजे आपल्याकडे अगदी सुरुवातीला फिल्म करणाऱ्या भाटवडेकरांनी, १८९९ मध्ये मुंबईच्या हँगिंग गार्डनमध्ये कुस्तीच टिपली होती आणि फिल्म धुवायला लंडनला पाठवली होती. काय मिळालं ते कळेपर्यंत पैलवान केव्हाच घरी गेलेले! उलट 'नानूक ऑफ द नॉर्थ' करताना दिग्दर्शक फ्लाहर्टीने इग्लूत, म्हणजे बर्फाच्या घरात, कॅमेरा मावेना, उजेड पुरेना, म्हणून एका बाजूची भिंतच ठेवली नाही, आणि १९२२ ची ती फिल्म आजही माहितीपटाची सुरुवात म्हणून शिकवतात. मलाही तसंच शिकवलं. पहिली काही वर्षं मीही बिनदिक्कत "परत करा" म्हणायचो. एका गावात एका बाईंना चूल तीनदा पेटवायला लावली. तिसऱ्यांदा काडी लावून त्यांनी माझ्याकडे पाहिलं, बरोबर झालं ना, असं. तो शॉट फिल्ममध्ये आहे. सव्वीस वर्षांत हजारो शॉट घेतले, पण ती नजर काही जात नाही.

मग सकाळी ट्यूब बंद करायला लावल्या, ते काय होतं? दिवसभर हेच डोक्यात. वस्ताद म्हणाले होते, "आम्ही लहानपणी याच उजेडात लढलो." त्यामुळे बरं वाटलं, पण ते त्यांनी नंतर सांगितलं, मी आधीच विचारून बसलो होतो. उजेड मागून घेईन, बहुतेक पुढेही घेईन. माणसाचा हात मागणार नाही. यापेक्षा स्वच्छ रेघ मला ओढता येत नाही.

खांदा ठणकतोय. बायकोने तेल गरम करून ठेवलंय.

उद्या साडेचारला निघायचं. ३५ एमएम तेवढी लावून नेतो, बाकीच्या लेन्स घरीच.