आमच्या नॉर्थहॅम्प्टनचा वॉल्टर टल

इंग्लंडमधल्या आमच्या नॉर्थहॅम्प्टनमध्ये सिक्सफील्ड्स नावाचं फुटबॉल स्टेडियम आहे, त्याच्या बाजूच्या रस्त्याचं नाव वॉल्टर टल वे. हा कोण म्हणून विचारलं की लोक झटकन सांगतात, पहिला ब्लॅक फुटबॉलर, पहिला ब्लॅक लष्करी अधिकारी. आता मला ह्या 'पहिला'वाल्या लेबलांचा जरा कंटाळाच आहे, आणि तसंही घानामध्ये जन्मलेला आर्थर व्हार्टन त्याच्या आधीच इंग्लंडमध्ये प्रोफेशनल गोलकीपर होऊन गेला होता. टलची खरी गोष्ट त्याहून मोठी आहे.

जन्म १८८८ चा, केंटमधल्या फोकस्टन गावचा. वडील बार्बाडोसहून आलेले सुतार, आई तिथलीच गोरी. सात वर्षांचा असताना आई गेली, दोन वर्षांनी वडील, आणि मग हा आणि मोठा भाऊ एडवर्ड थेट लंडनच्या बेथनल ग्रीनमधल्या अनाथाश्रमात. पुढे एडवर्डला ग्लासगोच्या एका कुटुंबाने दत्तक घेतलं, तो शिकून डेंटिस्ट झाला. त्या काळात, विचार करा.

वॉल्टर मात्र आश्रमातच वाढला आणि फुटबॉल खेळत राहिला. आधी क्लॅप्टन हा हौशी क्लब, मग १९०९ मध्ये चक्क टॉटनहॅम हॉटस्पर, म्हणजे लंडनचा मोठा क्लब स्पर्स! आल्या आल्या क्लबबरोबर अर्जेंटिना-उरुग्वेचा दौरा, आठवड्याला चार पौंड पगार, आणि तेव्हा त्याहून जास्त द्यायची कुठल्याच क्लबला परवानगी नव्हती. पण त्याच वर्षी ब्रिस्टल सिटीच्या मैदानावर काही प्रेक्षकांनी त्याला रंगावरून इतक्या घाणेरड्या शिव्या दिल्या की एका रिपोर्टरने पेपरात त्यावर लिहिलं, आणि हेही लिहिलं की मैदानावर सगळ्यात सभ्य तोच होता. झालं काय, तर थोड्याच दिवसांत टलच टीमबाहेर. स्पर्सकडून लीगच्या फक्त १० मॅच आणि २ गोल. म्हणजे शिव्या देणारे स्टँडमध्येच आणि खाणारा रिझर्व्हमध्ये, हे गणित आपल्याला काही नवीन नाही.

१९११ मध्ये तो इथे आला. हर्बर्ट चॅपमन, जो पुढे आर्सेनलचा नामांकित मॅनेजर झाला, तो तेव्हा नॉर्थहॅम्प्टनचा मॅनेजर होता, त्याने ह्याला घेतलं. आणि इथे टल रुळला. १०० हून जास्त मॅचेस! गाव बूट बनवणाऱ्यांचं, म्हणून टीमला कॉब्लर्स म्हणतात, आणि तेव्हा खेळायचे काउंटी ग्राउंडवर, जिथे क्रिकेटही चालायचं. हो तेच काउंटी ग्राउंड, जिथे पुढे बेदी, कपिल आणि कुंबळे नॉर्थहॅम्प्टनशायरकडून खेळले! हे मी इथल्या मराठी ग्रुपवर टाकलं तेव्हा कुठे लोकांना टलमध्ये इंटरेस्ट आला 😄

पहिलं महायुद्ध सुरू झालं आणि डिसेंबर १९१४ मध्ये तो फुटबॉलर्सच्या बटालियनमध्ये, म्हणजे १७ व्या मिडलसेक्समध्ये भरती झाला. फ्रान्सला गेला, १९१६ मध्ये तोफांच्या माऱ्याने मनावर परिणाम होऊन परत पाठवला, बरा झाला, पुन्हा गेला ते फ्रान्समधल्या सोमच्या लढाईला. मग त्याला अधिकारी व्हायच्या ट्रेनिंगला स्कॉटलंडला पाठवलं. गंमत म्हणजे लष्कराच्या नियमात अधिकारी शुद्ध युरोपियन वंशाचाच हवा असं होतं, तरीही मे १९१७ मध्ये तो सेकंड लेफ्टनंट झाला. त्याच वर्षीपर्यंत आपल्या लोकांना किंग्ज कमिशन, म्हणजे गोऱ्यांसारखं पूर्ण अधिकारीपद, जवळपास बंदच होतं, इराकमधल्या कूटला वेढ्यात अडकलेल्या मराठा पलटणींतला सुभेदार कितीही मुरलेला असला तरी कालच्या पोरसवदा गोऱ्या साहेबाच्या हाताखालीच. आणि इथे एका सुताराचा पोरगा गोऱ्या सैनिकांना ऑर्डर देतोय.

इटलीत पियावे नदी ओलांडून रात्रीच्या धाडीत त्याने २६ जण नेले आणि सगळेच्या सगळे धड परत आणले, त्याबद्दल जनरल लॉफर्डने त्याच्या धैर्याचं आणि थंड डोक्याचं लेखी कौतुक केलं. २५ मार्च १९१८ ला फ्रान्समध्ये फाव्रइलजवळ तो मारला गेला, वय २९. बिलिंगहॅम नावाच्या सैनिकाने, तोही लेस्टरचा गोलकीपर, गोळीबारात त्याला ओढून आणायचा प्रयत्न केला पण जमलं नाही. कबर नाही, आरासच्या स्मारकावर फक्त नाव आहे.

त्याला मिलिटरी क्रॉस हे शौर्यपदक द्या म्हणून वर्षानुवर्षं मागणी चालली आहे. द्यावा की, पण स्पर्समध्ये गेलेली ती वर्षं कोण भरून देणार हा माझा प्रश्न आहे.

लंडनला कोणी येणार असाल तर यूस्टनहून ट्रेनने तासाभरात इथे पोचता, गिल्डहॉलला (म्हणजे टाउन हॉलला) टलचा पुतळा आहे आणि स्टेडियमबाहेर स्मारक. शनिवारी मॅच असेल तर तीही बघा, कॉब्लर्सची तिकिटं सहसा मिळतात, आर्सेनलसारखी मारामार नसते.