खोली रोज साफ करून घ्या

सॅन फ्रान्सिस्कोतल्या हॉटेल कामगारांचा संप 2024 मध्ये नाताळच्या आदल्या दिवशी मिटला. 93 दिवस चालला. हिल्टन, हयात, मॅरियट या बड्या साखळ्यांमधली माणसं रस्त्यावर होती: खोल्या आवरणाऱ्या बायका, स्वयंपाकी, भांडी घासणारे, सामान उचलणारे. माझं ऑफिस युनियन स्क्वेअरजवळ आहे, त्यामुळे ते तीन महिने ढोलांच्या आवाजातच गेले. गळ्यात पाट्या अडकवून, प्लास्टिकच्या बादल्या बडवत, माणसं हॉटेलच्या दारासमोर गोल फिरत राहायची. पहाटेसुद्धा, पावसातसुद्धा.

भारतातून कॉन्फरन्सला आलेले आपले लोक मला विचारायचे, "पगारवाढ हवीय ना यांना?" हवी होतीच. या शहरातलं भाडं झेपत नाही म्हणून कितीतरी जणी लांबच्या गावांतून कामाला येतात. 2018 मध्ये इथल्या मॅरियटच्या सात हॉटेलांत 61 दिवस संप झाला, तेव्हाची घोषणाच होती की एका नोकरीत घर चाललं पाहिजे. त्या वेळी आठ शहरांतले मिळून सुमारे 7,700 कामगार संपावर होते. विम्याचंही तसंच. इथे बहुतेकांना आरोग्यविमा नोकरीतूनच मिळतो आणि एका ऑपरेशनचं बिल अख्खं घर कर्जात ढकलू शकतं. म्हणून 2024 च्या संपात विमा टिकवण्यासाठी माणसं हट्टाला पेटली होती, आणि तो त्यांनी टिकवला.

पण मला सर्वांत महत्त्वाची वाटली ती तिसरी गोष्ट, खोल्यांची रोजची सफाई, कारण तिच्यात आपला, म्हणजे गिऱ्हाइकांचा, हात आहे.

कोविडच्या काळात इथल्या बहुतेक हॉटेलांनी खोली रोज साफ करणं बंद केलं, आणि साथ ओसरल्यावरही अनेक ठिकाणी ते पुन्हा सुरू झालं नाही. आता तुम्ही सांगितलंत तरच कोणी येतं. त्याच्याही आधीपासून 'पाणी वाचवा, पृथ्वी वाचवा' अशी कार्डं खोलीत असायचीच. साफसफाई नको म्हटलंत तर बक्षीस म्हणून पॉइंट मिळायचे. वाचून आपल्याला वाटतं, चला, तेवढंच पुण्य.

संपावरच्या एका फिलिपिनो मावशींशी फुटपाथवर बोलले, तेव्हा त्या कार्डाची दुसरी बाजू कळली. आवरायच्या खोल्या कमी झाल्या की कामाचे तास कमी होतात. ज्यांची नोकरी नवी, त्यांना आठवड्याचे पाच दिवसही मिळत नाहीत. आणि चार दिवस न आवरलेली खोली पाहुणा गेल्यावर एकदमच उघडायची. टबावर साबणाचा थर, गालिच्यात रुतलेलं अन्न, ओल्या टॉवेलांचा ढीग, तुंबलेली कचऱ्याची टोपली. वेळ मात्र तेवढाच. जाड गादीचा कोपरा उचलून चादर खोचताना मनगट कसं वळतं, हे मावशींनी हवेतच हात फिरवून दाखवलं. दोन्ही मनगटांना पट्टे होते. वेदनाशामक गोळी घेतल्याशिवाय शिफ्ट सुरू करणारी त्यांच्या मजल्यावर एकही बाई नाही, असं त्या म्हणाल्या.

टॉवेल पुन्हा वापरा, चादर रोज बदलू नका म्हणा, पाणी जरूर वाचवा. पण कचरा काढायला आणि बाथरूम पुसायला माणूस रोज येऊ द्या. त्याला नको म्हणणं हे पाणी वाचवणं नव्हे, ती कुणाची तरी मजुरी कापणं आहे, आणि वाचलेले पैसे नदीला मिळत नाहीत.

अमेरिकेत येणार असाल तर खोली ताब्यात घेतानाच काउंटरवर सांगा, रोज सफाई हवी. टीप निघायच्या दिवशी एकदम ठेवू नका. रोज वेगळी बाई येऊ शकते, म्हणून रोज सकाळी थोडे डॉलर उशीवर ठेवा आणि जवळ चिठ्ठीवर 'हाउसकीपिंग' लिहा, नाहीतर त्या पैशांना हात लावत नाहीत. बुकिंगच्या आधी त्या हॉटेलात संप चालू आहे का हेही बघा. युनाइट हिअर या युनियनच्या 'फेअर हॉटेल' साइटवर संपाची आणि बहिष्काराची यादी असते. संप असेल तर दुसरं हॉटेल घ्या. कंपनीच्या ट्रॅव्हल डेस्कला कारण सांगितलं तर ते बदलून देतात, माझ्या दोन सहकाऱ्यांना दिलं.