अपडेट ४: चाळीस सेकंद आणि कागदाचे कपटे

महाबॉम्ब बनवणाऱ्या शास्त्रज्ञावरच्या माझ्या व्यंगपटातला सगळ्यात अवघड सीन या आठवड्यात एकदाचा उभा राहिला. स्फोटाचा नाही, स्फोटानंतरच्या शांततेचा.

आधीच्या ॲनिमॅटिकमध्ये (कच्च्या चित्रांच्या चालत्या आराखड्यात) लखलखाट आणि आवाज एकाच फ्रेमवर पडत होते. खऱ्या आयुष्यात तसं होत नाही. १६ जुलै १९४५ ला न्यू मेक्सिकोत ट्रिनिटी ही पहिली अणुबॉम्ब चाचणी झाली, तेव्हा भौतिकशास्त्रज्ञ एन्रिको फर्मी सुमारे १६ किलोमीटर लांब होते. उजेड लगेच दिसला, हवेचा धक्का पोचायला मात्र ४० सेकंद लागले. तो येताना त्यांनी सहा फुटांवरून कागदाचे कपटे सोडले. कपटे अडीच मीटर सरकले आणि तेवढ्यावरून त्यांनी अंदाज बांधला, स्फोट दहा हजार टन टीएनटी या स्फोटकाएवढा आहे. आजचा आकडा त्याच्या दुपटीहून जास्त आहे, पण हातात फक्त कागद असताना हे जमणं थक्क करणारंच.

हे वाचल्यावर पिंजारलेल्या केसांचा, खदाखदा हसणारा शास्त्रज्ञ मी स्क्रिप्टमधून काढूनच टाकला. आता तिथे एक नीटनेटका, कुतूहलाने भारलेला माणूस आहे. मागे आकाश पेटलंय आणि हा ओणवा होऊन टेपने कपट्यांचं अंतर मोजतोय. व्यंग तिथेच आहे, वेगळा विनोद पेरायची गरज उरली नाही.

४० सेकंद म्हणजे सेकंदाला २४ च्या वेगाने ९६० फ्रेम. ऑन टूज, म्हणजे दोन फ्रेमला एक चित्र काढलं तरी ४८० चित्रं. मी ती शांतता १४ सेकंदांवर आणली, १६८ चित्रं झाली. याहून कमी केलं की वाट बघितल्यासारखं वाटतच नाही.

खरा घाम काढला तो कपट्यांनी. पहिल्या खेपेला ते दगडासारखे सरळ खाली आले. कागद तसा पडत नाही. एका बाजूला घसरतो, टोकाला क्षणभर थबकतो, मग उलटा वळतो. म्हणून लंबकासारखे आर्क (वक्र मार्ग) आखले आणि टोकांजवळ चित्रं दाट ठेवली. धक्का येतो तिथून पुढची बारा चित्रं ऑन वन्स, दर फ्रेमला नवं चित्र. संगीत काढलं, फक्त कागदाची सळसळ ठेवली.

आता टेपच्या क्लोज-अपला हात घालतोय. मोजणारा अंगठा थरथरावा की अगदी स्थिर राहावा, हे अजून ठरत नाहीये. दोन्ही रफ काढून बघतो.