पासपोर्टचे शुल्क आणि पासपोर्टचा खर्च

मागच्या मे महिन्यात कूलरच्या टाकीतून झिरपलेले पाणी आमच्या बैठकीतल्या कपाटाच्या खालच्या खणात शिरले आणि विम्याच्या कागदांखाली ठेवलेला माझा पासपोर्ट फुगून, वाळताना पापडासारखा वाकडा झाला. नाव आणि क्रमांक वाचता येत होते, फोटोही शाबूत होता, पण मागची पाने एकमेकांना चिकटली होती. नागपुरात उन्हाळाभर कूलर चालतो हे ठाऊक असूनही कपाट त्याच्या शेजारी लावण्याची कल्पना माझीच, त्यामुळे घरात कोणाला बोल लावण्याची सोय नव्हती. पासपोर्टची मुदत संपायला दहा महिने उरले होते. मुदत संपण्याच्या वर्षभर आधीपासून नव्या पुस्तिकेसाठी अर्ज करता येत असल्याने तो मी तसाही करणारच होतो. मात्र साध्या अर्जाला जिथे १५०० रुपये लागले असते, तिथे खराब झालेल्या पासपोर्टच्या बदल्यात दुसरा घेण्यासाठी ३००० रुपये भरावे लागले.

त्याच सुमारास धाकट्या भावाने सिंगापूरहून दिवाळीला बोलावले आणि आई, पत्नी व सहा वर्षांची मुलगी यांचेही पासपोर्ट काढायचे ठरले. घराजवळच्या झेरॉक्सच्या दुकानात ‘सर्व ऑनलाइन कामे’ करून देणाऱ्या गृहस्थांनी चौघांचे मिळून १४,००० रुपये सांगितले. एका कागदाच्या मागे त्यांनी मांडलेला हिशोब मी जपून ठेवला आहे. फॉर्म भरणे, फोटो, शपथपत्र, नोटरी, अपॉइंटमेंट आणि शेवटी नुसतेच ‘पोलीस’, असे त्याचे रकाने होते. आईने तो कागद चष्मा लावून दोनदा वाचला आणि विचारले, “यातले सरकारला किती जातात रे?”

उत्तर शोधताना लक्षात आले की, सरकारी शुल्क हा या सगळ्या व्यवहारातला सर्वांत स्थिर आणि स्वच्छ भाग आहे. ऑक्टोबर २०१२ मध्ये ते १००० वरून १५०० रुपये झाले आणि आम्ही अर्ज केले तोवर तेवढेच होते. त्यात प्रौढ व्यक्तीला दहा वर्षे मुदतीची ३६ पानी पुस्तिका मिळते, म्हणजे वर्षाला १५० रुपये पडतात. लहान मुलांचे शुल्क १००० रुपये असते, पण मुदत पाचच वर्षांची, त्यामुळे दिसायला स्वस्त असलेला मुलांचा पासपोर्ट वर्षाच्या हिशोबाने महाग पडतो. साठीच्या पुढच्या आणि आठ वर्षांखालच्या अर्जदारांना पहिल्या पासपोर्टच्या साध्या अर्जावर दहा टक्के सवलत आहे. तत्काळ अर्जाला किंवा जुन्याच्या जागी नवा घेताना ती मिळत नाही. त्यामुळे आईचे १३५०, पत्नीचे १५००, मुलीचे ९०० आणि माझ्या कूलरप्रतापाचे ३०००, अशी चौघांची बेरीज ६७५० रुपये झाली.

उरलेल्या रकान्यांकडे वळल्यावर मला खरा राग आला. पासपोर्ट सेवा केंद्रात फोटो तिथेच काढतात. चार वर्षांखालील मुलांचा तेवढा घरून न्यावा लागतो. मुलीसाठी आई-वडिलांनी द्यायची संमती साध्या कागदावर स्वतःच्या सहीने चालते, कारण अशा परिशिष्टांना नोटरी किंवा दंडाधिकाऱ्यांपुढे शपथ लागण्याची अट डिसेंबर २०१६ मध्येच काढून टाकण्यात आली आहे. पडताळणीसाठी पोलिसांना अर्जदाराने काहीही द्यायचे नसते आणि तयार पासपोर्ट स्पीड पोस्टाने घरी येतो, त्याचेही वेगळे पैसे नाहीत. पुस्तिकेत चिप असलेला ई-पासपोर्ट देशात सुरुवातीला ज्या मोजक्या शहरांत आला त्यांत नागपूर होते, पण त्यासाठीही आम्हाला जास्तीचा रुपया पडला नाही. दुकानातल्या गृहस्थांनी खोटे काही केले असे म्हणता येणार नाही. जे फुकट आहे त्याची किंमत त्यांनी लावली, एवढेच. मात्र सरकारी संकेतस्थळासारखी दिसणारी खोटी संकेतस्थळे याच शुल्कात स्वतःची भर घालून पैसे उकळतात, म्हणून फॉर्म भरण्यापूर्वी पत्त्याच्या शेवटी ‘डॉट गव्ह डॉट इन’ आहे ना, हे पाहून घ्यावे.

तत्काळ योजनेचा मोह पत्नीला झाला होता. तिथे मूळ शुल्काशिवाय २००० रुपये लागतात. अपॉइंटमेंट घेताना फक्त साधे शुल्क घेतले जाते आणि वरची रक्कम केंद्रात गेल्यावर भरावी लागते, त्यामुळे पुष्कळांना हा आकडा तिथेच समजतो. प्रवासाला पाच महिने असताना ही घाई विकत घेण्यात अर्थ नव्हता. ५०० रुपये जास्त भरून मिळणाऱ्या ६० पानी पुस्तिकेचेही तेच, वर्षातून अनेकदा परदेशी जाणाऱ्यांनी तिचा विचार करावा.

ज्याची पावती मिळत नाही असा खर्च आम्हाला आईच्या नावामुळे झाला. आधार कार्डावर तिच्या नावापुढे ‘बाई’ आहे आणि बँकेच्या पासबुकावर नाही. केंद्रातल्या पहिल्या खिडकीवर कागद स्कॅन झाले, बोटांचे ठसे घेतले गेले, आणि दुसऱ्या खिडकीवरच्या अधिकाऱ्यांनी अत्यंत सौजन्याने अर्ज थांबवून ठेवला. भरलेले १३५० रुपये वाया गेले नाहीत, कारण एकदा भरलेले शुल्क वर्षभर धरले जाते. पण पासबुकावरचे नाव बदलून घेण्यात बँकेच्या दोन चकरा, माझी एक जास्तीची रजा आणि मनीषनगरहून पुन्हा ऑटोचे जाणे-येणे झाले. आदल्या रात्री दोन्ही कागद शेजारी ठेवून नावातले अक्षर न् अक्षर ताडून पाहिले असते, तर हे टळले असते.

पडताळणीला आलेल्या पोलीस शिपायांनी दोन शेजाऱ्यांची नावे विचारली, सह्या घेतल्या आणि पत्नीने केलेला चहा ‘उशीर होतो आहे’ म्हणून नाकारला. आईचा पासपोर्ट पोस्टमनने जून संपताना आणून दिला, माझा सर्वांत शेवटी आला. चारही पुस्तिका आता आईच्या खोलीतल्या लोखंडी कपाटात, वरच्या कप्प्यात आहेत. त्या खोलीत कूलर नाही.