तुम्ही विचारलंत म्हणून: सकाळचं फाटलेलं दूध

“पोहे-उपमा सोडून ते फाटलेलं सोयाचं दूध घशाखाली उतरतं तरी कसं?” फोनवर मावश्या विचारतात, इथे तैवानातल्या शिन्चूत नव्याने आलेली मराठी मंडळीही विचारतात. पोहे सोडलेले नाहीत, हे आधी सांगते. रविवारी होतात, कधी दडपेसुद्धा.

आणि हो, ते फाटलेलंच असतं. वाडग्यात चमचाभर काळा व्हिनेगर, थोडा सोया सॉस, मोहरीच्या देठांचं खारवलेलं लोणचं, कांद्याची पात. त्यावर बिनसाखरेचं उकळतं सोयादूध उंचावरून ओतायचं आणि ढवळायचं नाही. आंबटपणाने प्रथिनं एकत्र येतात, मऊ गुठळ्या धरतात. वरून तिळाचं नि मिरचीचं तेल, योउत्याओ नावाच्या तळलेल्या कांडीचे तुकडे. इथले लोक सुकी कोळंबी घालतात, मी नाही. 1949 नंतर चीनमधून आलेल्या लोकांबरोबर हा नाश्ता तैवानात रुजला. तैपेईला लागून असलेल्या योंगहचं नाव आता बेटभर अशा दुकानांच्या पाट्यांवर दिसतं.

दूध मी घरीच काढते. सोयाबीन रात्री भिजवायचं, सकाळी वाटून फडक्यातून गाळायचं. तापवताना खरी उकळी यायच्या आधीच फेस भसाभस वर येतो. त्याला फसून गॅस बंद केला तर कच्चा वास राहतो आणि पोटही बिघडतं. पुढे दहाएक मिनिटं उकळू द्यावंच लागतं. चोथा थालीपिठात.

पूर्वी मी “प्रथिनं असतात हो” म्हणून सुटका करून घ्यायचे. सोयीचं उत्तर होतं. प्रथिनं काय, मटकीतही असतात.

मग 2024 ची रास झाल्यावर अण्णा लातूरहून आले. आमच्या शेतात सोयाबीन माझ्या लहानपणापासून आहे, ताटात मात्र कधीच नव्हतं. माल अडतीवर जायचा, तिथून तेलाच्या गिरणीत. त्या सकाळी मी त्यांच्यासमोर दूध ओतलं. गुठळ्या झाल्या तसे ते म्हणाले, “नासलं की गं माय.” मी समजावलं. मग म्हणाले, “पेंड ढोरं-कोंबड्या खातात याची. तुला काय कमी पडलं?” मी चिडले. म्हटलं, इथे लोक पैसे मोजून खातात. किती, असं विचारलं त्यांनी. दुकानात वाडगा चाळीसेक तैवानी डॉलरला, म्हणजे आपले शंभरेक रुपये, मी ठसक्यात सांगितलं. वाडग्यात बी किती जातं, हा पुढचा प्रश्न. मूठभर, तीस-चाळीस ग्रॅम.

अण्णांना हिशेबाला कागद लागत नाही. त्या वर्षी हमीभाव क्विंटलला 4,892 रुपये होता आणि बाजारात तेवढाही मिळत नव्हता. म्हणजे वाडग्यात दोन रुपयांचंही सोयाबीन नाही. ते बोलले नाहीत. उठले आणि बाल्कनीत जाऊन उभे राहिले. मागे जाऊन मी दुकानाचं भाडं, गॅस, मजुरी, असलं काहीबाही बोलत राहिले. तैवानात सोयाबीन बहुतेक अमेरिका-ब्राझीलहून येतं, हेही सांगितलं. जणू त्याने त्यांना बरं वाटणार होतं. मुक्काम संपेपर्यंत ज्वारीची भाकरी आणि ठेचा खाल्ला त्यांनी. मीही त्यांच्यासमोर तो वाडगा पुन्हा केला नाही, याचा अजून राग येतो. कुणाचा, ते विचारू नका.

ते गेल्यावर दुसऱ्याच दिवशी केलं. आवडतं म्हणून, की हट्टाने? तेव्हा मी छातीठोकपणे ‘आवडतं म्हणून’ म्हटलं असतं. आज तेवढी खात्री नाही. पण आंबट, खारट, तिखट, गरम असं सगळं एका घोटात येतं, थंडीत नाकातून पाणी काढतं. ते हट्टाने कुणी इतकी वर्षं खाईल का?

अण्णा फोनवर अजून विचारतात, “आज पेंड केली होतीस का?” बाजारभावाबद्दल त्यांचं सगळं ऐकून घेते. चवीबद्दल मात्र नाही. एक चमचाही तोंडात घातलेला नाही त्यांनी.