जानापावचा उतार

शनिवारी पहाटे पाचला इंदूरच्या रामबागेत ताईच्या अंगणात भाची उकिडवी बसून सायकलच्या मागच्या टायरवर अंगठा दाबून बघत होती. रात्रभर झिमझिम चालूच होती. "मावशी, ओल्यात हवा थोडी कमी ठेवायची. टायर दगडाला धरून राहतो." व्हॉल्व दाबून तिनं फुस्स करून जराशी हवा सोडली. पुन्हा अंगठा. पुन्हा जराशी. पुरणपोळीची कणीक आमची आजी अशीच बोटानं दाबून बघायची.

झांक्यांची, म्हणजे गणपतीच्या सजवलेल्या देखाव्यांच्या मिरवणुकीची, रात्र होऊन चारच दिवस झाले होते. अनंत चतुर्दशीला इंदूरमध्ये कुणी झोपत नाही, आणि त्या जागरणाचा शीण अजून सगळ्यांच्या डोळ्यांत होता. तरी भाचीला सायकलच्या सरावासाठी जानापावच्या डोंगरावर न्यायला भावजी गाडी काढून तयार होते. ताई मात्र येणार नव्हती. "मला बघवत नाही गं. तू जा तिच्याबरोबर," एवढंच म्हणून तिनं माझ्या हातात डबा दिला. मी फिजिओथेरपिस्ट आहे. हात टेकून पडलेल्यांची मनगटं आणि गळ्याची हाडं वर्षानुवर्षं माझ्याकडे येतात. ताईला धीर वाटावा म्हणून मला पाठवलं जात होतं, आणि माझ्याच पोटात गोळा होता.

भाची सोळा वर्षांची. पुढच्या वर्षी ती सतराची होईल, म्हणजे माउंटन बाइकच्या जगात 'ज्युनिअर' होईल. ज्या वर्षात सतरा किंवा अठरा पूर्ण होतात, त्या वर्षात ज्युनिअर गटात उतरायचं, असा जागतिक सायकलिंग संघटनेचा नियम आहे. ही दोनच वर्षं मिळतात. मग तिच्या डाउनहिल प्रकारात थेट मोठ्यांमध्ये.

२०२४ च्या ऑगस्टच्या अखेरीस युरोपातल्या आंडोरात माउंटन बाइकची जागतिक अजिंक्यपद स्पर्धा झाली, त्या आठवड्यात आमच्या घरी दुसरा विषयच नव्हता. डाउनहिल म्हणजे डोंगराच्या माथ्यावरून पायथ्यापर्यंत एकेकट्यानं सायकल मारायची. शेजारी कुणी नाही, पुढे कुणी नाही, फक्त घड्याळ. सगळा खेळ दोन ते पाच मिनिटांत संपतो आणि अंतिम फेरीत प्रत्येकाला एकच संधी असते. चूक झाली की ती झाली. आंडोरात ज्युनिअर मुलांमध्ये अमेरिकेचा एसा व्हर्मेट जिंकला आणि मुलींमध्ये न्यूझीलंडची एरीस व्हान लूवेन, सलग दुसऱ्या वर्षी. तिचं पहिलं जेतेपद २०२३ मधलं, स्कॉटलंडच्या फोर्ट विल्यमचं. त्या शर्यतीचा व्हिडिओ भाचीनं मला इतक्या वेळा दाखवलाय की तिथली वळणं मला आमच्या गल्लीसारखी पाठ झाली आहेत. पावणेतीन किलोमीटरचा रस्ता, साडेपाचशे मीटरहून जास्त उतार, वर उघडं दगडी माळरान, मध्ये चिखलाचं जंगल आणि खाली उड्या मारायचा लांबलचक पट्टा. त्या दिवशी पहिल्या तिन्ही मुली न्यूझीलंडच्या होत्या: व्हान लूवेन, साशा अर्नेस्ट, पॉपी लेन. भाचीच्या अभ्यासाच्या टेबलासमोर त्या तिघींचा फोटो चिकटवलेला आहे.

साडेपाचला निघालो. राऊच्या अलीकडे एका ठेल्यावर थांबलो. वाफेवरचे पोहे, वर शेव, कांदा आणि जिरावण मसाला. भाचीनं जिलेबीला हात लावला नाही, "उतरल्यावर" म्हणाली. पुढे महू आलं, बाबासाहेबांचं जन्मगाव. एरवी आम्ही तिथे थांबल्याशिवाय पुढे जात नाही, पण त्या दिवशी ढग खाली येत होते. मुंबईकडे जाणारा महामार्ग सोडून गाडी आत वळली आणि समोर जानापाव दिसला, माथ्यावर ढगाची टोपी घालून.

इंदुरातल्या मराठी माणसाला डोंगर म्हटलं की सह्याद्री आठवतो. मला वाटतं, त्यामुळे आपलं जानापावकडे दुर्लक्ष होतं. खडक तोच आहे, तोच काळा बसाल्ट, लाव्हाच्या थरांवर थर. उंची साडेआठशे मीटरच्या आसपास. माथ्यावर परशुरामाचं स्थान आणि कुंड. चंबळ इथे उगम पावते. इथून साडेसात नद्या निघतात असं इथले लोक सांगतात. त्यातलं काही पाणी चंबळेतून यमुनेकडे जातं आणि काही दुसऱ्या अंगानं खाली नर्मदेला मिळतं. एकाच माथ्यावर पडलेला पाऊस कुठल्या बाजूला घरंगळला यावर त्याचा पुढचा सगळा प्रवास ठरतो. ही गोष्ट मला लहानपणापासून माहीत होती. पण ती समजली त्या दिवशी.

डांबरी रस्त्यानं गाडी वर गेली. दर्शन घेतलं. आता ही हेल्मेट घालून सुटणार, असं मी धरून चालले होते. तिनं सायकल भावजींच्या ताब्यात दिली आणि पायवाटेकडे निघाली. "आधी चालत जायचं, मावशी. ट्रॅकवॉक. वर्ल्ड चॅम्पियनशिपमध्येपण पहिला दिवस चालण्याचाच असतो. सायकलला हात लावायचा नाही."

पुढचा पाऊण तास मी कधी विसरणार नाही. वाट किती छोटी! सरळ उतरलं असतं तर वीस मिनिटांत खाली पोचलो असतो. पण दर दहा पावलांवर ती थांबायची, मागे वळायची, वर बघायची. एका जागी खाली बसून तिनं दगडावरून तळवा फिरवला. दोन दगड शेजारीशेजारी होते, दोन्ही ओले, दोन्ही काळे. एकावर बारीक हिरवट पापुद्रा होता, दुसरा खरखरीत होता. "याच्यावर ब्रेक दाबला की गेले. आणि हा धरतो." मी बोट लावून बघितलं. खरंच, एक साबणासारखा आणि दुसरा पाट्यासारखा. मघाशी त्या दोन्हींवरून मी तशीच उतरून आले होते.

मग तिनं मला पाणी दाखवलं. रात्रीच्या पावसाचा ओहळ वाटेच्या मधोमध वाहत होता आणि त्यानं मातीत वीतभर खोल चर पाडला होता. "पाणी नेहमी सगळ्यात सरळ उताराला जातं. आपलं चाकपण त्याच्यामागे जायला बघतं. चाक चरात गेलं की मग आपण नाही, चर सायकल चालवतो." तिची बोटं वाटेच्या वरच्या काठावर गेली. तिथे पळसाच्या मुळांनी माती धरून ठेवली होती, जेमतेम हातभर रुंद पट्टी. "ही वरची लाइन. लांब पडते, पण वळणातून बाहेर पडताना वेग शिल्लक राहतो." लाइन हा त्यांचा रोजचा शब्द. डोंगर एकच असतो, पण प्रत्येक जण त्यात आपापली वाट शोधतो, आणि शर्यत जिंकली जाते ती बरीचशी इथे, पायी चालताना. दुसऱ्या एका वळणावर तिनं मोबाइलमध्ये फोटो काढला, तोही वरून नाही, खाली वाकून, सायकलवर बसल्यावर डोळे जिथे असतील त्या उंचीवरून.

अर्ध्या वाटेवर शेळ्या घेऊन एक म्हातारी आजीबाई वर येत होत्या. मुलगी जमिनीत काय शोधते आहे, असं त्यांनी विचारलं. भाचीनं सायकलचं सांगितलं. आजीबाईंनी थोडा विचार केला आणि काठीनं वळणाच्या आतल्या बाजूची माती टोचून दाखवली. काठी चार बोटं आत गेली. वरून घट्ट दिसणारी ती काळी माती आतून नुसता लगदा होती. भाची त्यांच्याकडे बघतच राहिली. मग वाकून तिनं त्यांच्या पायांना हात लावला.

आता सायकलबद्दल. जागतिक स्पर्धेतल्या डाउनहिल सायकलला पुढे-मागे दोन्हीकडे सुमारे २०० मिलिमीटरचं सस्पेन्शन, म्हणजे धक्के सोसणारी यंत्रणा, असतं. आमच्या सायकलला मागे सस्पेन्शन नाही, पुढचं चाक धरणाऱ्या फोर्कला १२० मिलिमीटर, बस. प्रत्येक दगड थेट पायांत आणि कमरेत येतो. पण फुल-फेस हेल्मेट, नी-पॅड आणि पाठीचं कवच यांत आम्ही तडजोड केलेली नाही. आणि अजून एक सांगते. ही भाविकांची वाट आहे. म्हणून आम्ही गर्दीचे वार टाळतो, भावजी शिट्टी घेऊन मधल्या वळणावर उभे राहतात, मी खाली. कुणी वाटेवर दिसलं की धाव रद्द, मग ती कितीही चांगली चालली असली तरी. माझ्या मते हे बरोबर आहे, पण पुरेसं नाही. २०२३ च्या ऑक्टोबरमध्ये केरळात पोनमुडीला आशियाई माउंटन बाइक अजिंक्यपद स्पर्धा झाली. म्हणजे आपल्या देशात डोंगरावर आखलेला मार्ग तयार होऊ शकतो. माळव्यातल्या एखाद्या उतारावर एक किलोमीटर जागा, दोन्ही बाजूंना हद्द दाखवणाऱ्या पट्ट्या आणि खालपर्यंत पोचणारा ॲम्ब्युलन्सचा रस्ता, एवढं हवं आहे. मला हे मनापासून वाटतं. सोळा वर्षांच्या मुलीनं शिकण्यासाठी देवाच्या वाटेवर उसनी जागा मागायची वेळ येऊ नये.

पहिली धाव. मधल्या वळणावरून शिट्टी ऐकू आली. मग झाडीत डिस्क ब्रेकची ओली किंकाळी. मग दगडांवर टायरचा खडखडाट, आणि एकदम शांतता. मी धावत वर गेले. त्याच वळणावर, आजीबाईंनी काठी खुपसली होती तिथेच ती पडली होती. सायकल वाटेच्या खाली. मी तिचं गळ्याचं हाड चाचपलं, मनगट फिरवून बघितलं, बोटं मोजायला लावली. सगळं जागच्या जागी होतं. "मला माहीत होतं," ती म्हणाली. "माहीत असून खालची लाइन घेतली. वेग आला आणि वरची दिसलीच नाही."

सायकल उचलून बघितली तर मागचं चाक फिरेना. काळ्या मातीचा आणि गवताचा गोळा फ्रेम आणि टायरच्या मध्ये असा ठासला होता की काडीनं खरवडून काढायला दहा मिनिटं लागली. खरवडता खरवडता तिनं मला डॅनी हार्टची गोष्ट सांगितली. २०११, स्वित्झर्लंडमधलं शांपेरी, धो धो पाऊस, उभा कडा. भलेभले घसरत होते. एकोणीस वर्षांचा हा मुलगा, ज्युनिअर गटातून नुकताच बाहेर पडलेला, मोठ्यांची जागतिक स्पर्धा ११.६९ सेकंदांनी जिंकला. ज्या खेळात शंभराव्या भागानं निकाल लागतात, तिथे अकरा सेकंद! मग वाली ह्योलची. दोनदा ज्युनिअर विजेती, २०१८ आणि २०१९. २०२० मध्ये मोठ्यांची पहिली जागतिक स्पर्धा तिच्याच देशात, ऑस्ट्रियात लिओगांगला होती. सरावात पडली, घोटा मोडला, शर्यत गेली. मोठ्यांचं जेतेपद तिला मिळालं २०२२ मध्ये. भाचीनं एवढंच सांगितलं आणि काडी टाकून दिली. मी काही विचारलं नाही. तिला ते मला ऐकवायचं नव्हतं, स्वतःला ऐकवायचं होतं.

भावजींनी सायकल गाडीत घालून पुन्हा वर नेली. दुसऱ्या धावेला मी खाली थांबले नाही, त्याच वळणाच्या जरा वर, एका सागाच्या आड उभी राहिले. ती आली. आधी आवाज, मग झाडांमध्ये पिवळं हेल्मेट. वळणाच्या तोंडाशी तिनं ब्रेक दाबला, मोजून, क्षणभर, आणि पूर्ण सोडून दिला. तिचं डोकं वळणाकडे नव्हतंच. ती वळणाच्या पलीकडे बघत होती. पुढचं चाक मुळांच्या पट्टीवर चढलं, सायकल आडवी झाली, तिचा बाहेरचा पाय खाली पूर्ण ताठ, आणि ती गेली. मला चिखलाचे चार थेंब उडाले. खाली घड्याळात सहा मिनिटं एकवीस सेकंद.

तिसरी धाव झाली नाही, पाऊस आला. जिलेबी परतताना खाल्ली, गार झालेली.

संध्याकाळी ताईनं माझ्या हातातून मोबाइल घेतला. तो वळणाचा व्हिडिओ भावजींनी पहिल्या धावेच्या वेळी काढला होता, पडण्याचा. मला वाटलं ही बघणार नाही. तिनं बघितला. मग मागे नेऊन पुन्हा बघितला, आणि पडण्याच्या आधीच थांबवला. चष्मा वर करून स्क्रीन डोळ्यांजवळ नेला.

"ही इथून वरून का नाही गेली?" तिनं विचारलं. "वर तर मुळं दिसतायत."

भाची स्वयंपाकघरातून हात पुसत आली आणि तिच्या शेजारी जमिनीवर बसली.