आयडेम्पोटंट : पुन्हा सांगितले तरी परिणाम तेवढाच

भडगाव तालुक्यात गिरणेच्या काठाजवळ आमची केळीची बाग आहे. तिथल्या विहिरीवरच्या मोटरला आप्पांनी, म्हणजे माझ्या थोरल्या काकांनी, दोन वर्षांपूर्वी मोबाईलवर चालणारा स्टार्टर बसवून घेतला. शेतीची लाईट कधी दिवसा, कधी रात्री अशी पाळीने येते, आणि रात्रपाळीच्या आठवड्यात बारा-एक वाजता बॅटरी घेऊन बांधाबांधाने विहिरीपर्यंत जाण्यापेक्षा घरून मिस्ड कॉल देऊन मोटर सुरू व्हावी, हे साठी ओलांडलेल्या माणसाला मोठेच सुख होते. त्या यंत्राची रीत अशी होती, की एक मिस्ड कॉल गेला की मोटर सुरू होई आणि दुसरा गेला की ती बंद होई. मे महिन्यातल्या एका रात्री आप्पांनी कॉल दिला. शिवारात रेंज कमी असल्यामुळे मोटर सुरू झाल्याचा मेसेज काही आला नाही, तेव्हा कॉल पोहोचलाच नसावा असे समजून त्यांनी आणखी एक दिला आणि अंगणात झोपलेल्या मला उठवून विचारले, "मोटर चालू शे का बंद शे?"

मला उत्तर देता आले नाही. सकाळी जाऊन पाहिले तेव्हा ठिबकच्या नळ्यांखालची माती कोरडी होती. पहिला कॉल पोहोचला होता, मोटर सुरूही झाली होती. हरवला होता तो केवळ तिचा निरोप, आणि आप्पांच्या दुसऱ्या कॉलने सुरू असलेली मोटर बंद केली होती. मी जळगावात सॉफ्टवेअर लिहिण्याचे काम करतो आणि या प्रसंगात जे उणे होते त्याचे नाव असलेला शब्द मी कामावर रोज वापरतो. तो शब्द म्हणजे 'आयडेम्पोटंट'. ब्रिटिश उच्चाराच्या वळणाने काही जण 'इडेम्पोटंट' असेही म्हणतात. हे विशेषण आमच्या क्षेत्राबाहेर फारसे कोणी ऐकलेले नसते आणि क्षेत्राच्या आतही ते पुष्कळदा सैलपणे वापरले जाते, म्हणून त्याच्याविषयी जरा सविस्तर लिहावे असे मनात होते.

एखादी क्रिया एकदा केली काय किंवा तीच क्रिया लागोपाठ दहा वेळा केली काय, शेवटी उरणारी स्थिती एकच असेल, तर ती क्रिया आयडेम्पोटंट होय. आप्पांच्या विहिरीवर मोबाईलचे यंत्र बसण्यापूर्वी जो साधा स्टार्टर होता, तो याचा उत्तम नमुना आहे. त्याचे हिरवे बटण दाबले की आतल्या कॉइलला वीज मिळते, कॉंटॅक्टर, म्हणजे मोटरची वीज जोडणारा स्विच, खट असा आवाज करून ओढला जातो आणि मोटरला वीज जाते. बटणावरचे बोट काढल्यावरही मोटर चालू राहते, कारण कॉंटॅक्टर ओढला गेला की त्याच्याच सोबतचा एक छोटा संपर्कबिंदू जुळतो आणि कॉइलचा पुरवठा तोच टिकवून धरतो. आता हिरवे बटण पुन्हा दाबा. खट असा आवाज येत नाही, काहीही हलत नाही, कारण कॉइलला जे मिळायचे ते आधीच मिळालेले असते. लाल बटणाचेही तसेच आहे, कारण बंद मोटर पुन्हा बंद करता येत नाही. आप्पा चाळीस वर्षे ती दोन बटणे दाबत आले आणि अंधारात, घाईत, दोनदा दाबले गेल्यामुळे त्यांचे कधी काही बिघडले नाही. मिस्ड कॉलच्या यंत्राने दोन बटणांचे एकच बटण केले, आणि त्याबरोबर हा गुण नाहीसा झाला.

शब्द मूळचा गणितातला आहे. हार्वर्ड विद्यापीठातले गणितज्ञ बेंजामिन पीर्स यांनी १८७० मध्ये आपल्या बीजगणितावरच्या एका ग्रंथात तो घडवला. त्याच्या मोजक्या प्रती तेव्हा शिळाछापावर निघाल्या होत्या आणि तो रीतसर छापला गेला तो पीर्स यांच्या निधनानंतर, १८८१ मध्ये. लॅटिनमधला 'इडेम' म्हणजे 'तोच' आणि 'पोटेन्स' म्हणजे 'सामर्थ्य असलेला'. ज्या राशीचा वर्ग केला, घन केला किंवा कितीही घात वाढवला तरी उत्तर म्हणून तीच राशी येते, ती आयडेम्पोटंट. जिचा कोणता तरी घात शून्य होतो, तिच्यासाठी त्यांनी 'निलपोटंट' हा जोडशब्द केला. आपल्या रोजच्या संख्यांमध्ये पीर्स यांच्या व्याख्येत बसणाऱ्या राशी दोनच आहेत, शून्य आणि एक.

शून्याचा वर्ग शून्यच, हा नियम मात्र पीर्स यांच्या कितीतरी आधीचा आहे, आणि तो आमच्या भागाला परका नाही. भास्कराचार्यांनी ११५० मध्ये पूर्ण केलेल्या सिद्धांतशिरोमणीच्या लीलावती या भागात शून्याच्या क्रियांचे नियम दिले आहेत आणि शून्याचे वर्गादी केले तरी शून्यच राहते हे त्यांत स्पष्ट सांगितले आहे. त्याच भास्कराचार्यांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी त्यांचे नातू चांगदेव यांनी मठ स्थापन केल्याचा शिलालेख चाळीसगावजवळच्या पाटण येथे मिळाला, तो १२०७ चा. पाटणादेवीला आम्ही लहानपणापासून जात आलो. दर्शन घ्यावे, धबधबा पाहावा आणि परत यावे एवढेच तेव्हा ठाऊक होते, आणि आपण ज्या डोंगराच्या पायथ्याशी डबा सोडून बसलो आहोत तिथे आठशे वर्षांपूर्वी मुले शून्याचे गणित शिकत असतील हे मला नोकरीला लागल्यानंतर कळले. शाळेच्या सहलीत हे कोणी सांगितले असते तर फार बरे झाले असते.

पीर्स यांच्या थोडे आधी, १८५४ मध्ये, इंग्रज गणितज्ञ जॉर्ज बूल यांनी तर्कशास्त्राचे बीजगणित मांडताना राशीचा वर्ग म्हणजे तीच राशी हाच नियम पायाशी ठेवला होता. एखाद्या समूहातून पांढऱ्या वस्तू निवडल्या आणि त्या निवडलेल्यांतून पुन्हा पांढऱ्या वस्तू निवडल्या, तर हाती आधीचाच समूह राहतो. भाषेच्या अंगाने त्यांनी असेही म्हटले, की एखाद्याला 'चांगला, चांगला' असे दोनदा म्हणणे हे एकदा 'चांगला' म्हणण्यासारखेच आहे. इंग्रजीच्या दृष्टीने ते ठीक असेल, पण मराठी माणूस इथे थांबेल असे मला वाटते. आपल्याकडे 'गरम भाकरी' आणि 'गरम गरम भाकरी' या दोन निराळ्या भाकऱ्या आहेत. दुसरी तव्यावरून नुकतीच उतरलेली असते. 'लहान मूल' एक असू शकते, 'लहान लहान' म्हटले की ती अनेक होतात. 'हळू चाल' यात सूचना आहे, 'हळू हळू चाल' यात चालण्याची लयच सांगितलेली आहे. आपल्या भाषेत विशेषण दुसऱ्यांदा उच्चारले की काहीतरी भर पडते, म्हणजे द्विरुक्ती हा मराठीतला आयडेम्पोटंट नसलेला व्यवहार आहे. हा शब्द शिकवताना मी नेहमी हे उदाहरण आधी देतो, कारण एखादी गोष्ट काय नाही हे कळले की ती काय आहे हे लवकर कळते.

संगणकाच्या जगात हा शब्द अगत्याचा का झाला, त्याचे कारण आप्पांच्या अनुभवातच आहे. आपण दूरच्या यंत्राला काही सांगितले आणि उत्तर आले नाही, तर आपले सांगणे वाटेत हरवले, की काम होऊन त्याचे उत्तर वाटेत हरवले, हे आपल्या बाजूने ओळखण्याचा काहीच मार्ग नसतो. दोन्ही वेळी आपल्यासमोर सारखीच शांतता असते. अशा वेळी पुन्हा सांगणे एवढेच हाती असते, आणि पुन्हा सांगितल्याने नुकसान होणार की नाही हे त्या क्रियेच्या स्वभावावर ठरते. म्हणून वेबचा जो मूळ करार आहे, एचटीटीपी, त्यात हे विशेषण अधिकृतपणे आलेले आहे. त्याच्या जून २०२२ च्या आरएफसी ९११० या प्रमाणित नियमपत्रात गेट, पुट आणि डिलीट या पद्धती आयडेम्पोटंट मानल्या आहेत, तर पोस्टला ती हमी नाही. पान मागणे, एखादी नोंद ठरावीक रूपात ठेवणे आणि नोंद काढून टाकणे ही कामे उत्तर न आल्यास ब्राउझरने आपणहून पुन्हा करून पाहिली तरी चालते. पोस्टने अर्ज पाठवून झाल्यावर पान रिफ्रेश केले, तर मात्र माहिती पुन्हा पाठवायची का असे तो विचारतो, आणि ते त्याने विचारलेच पाहिजे.

शेतातल्या भाषेत सांगायचे तर ठिबकचा व्हॉल्व्ह उघडणे आयडेम्पोटंट आहे आणि व्हेंच्युरीतून, म्हणजे ठिबकच्या पाण्यात खत ओढून घेणाऱ्या नळीतून, युरिया सोडणे नाही. सालदाराने व्हॉल्व्ह उघडला आणि ते ठाऊक नसताना आपणही जाऊन तो उघडू लागलो, तर तो उघडलेलाच सापडेल. युरिया मात्र त्याने सकाळी सोडला आणि आपण दुपारी सोडला, तर बागेला दोन मात्रा गेल्या, आणि त्या परत घेता येत नाहीत. पैशाचे व्यवहार युरियाच्या जातीचे असतात. माझ्या बहिणीच्या प्रवेशाचे शुल्क भरताना पैसे कापल्याचा मेसेज आला, पण पान फिरतच राहिले. ती घाबरली, तिने पुन्हा भरणा केला आणि खात्यातून रक्कम दोनदा गेली. जास्तीची रक्कम आठ दिवसांनी परत आली, पण त्या आठ दिवसांत घरात कोणाला नीट झोप लागली नाही. दोष तिचा मुळीच नव्हता. उत्तर न आल्यावर माणूस पुन्हा बटण दाबणारच, हे गृहीत धरून व्यवहार बांधणे ही आमच्यासारख्यांची जबाबदारी असते.

त्यावरचा उपायही नवा नाही. भुसार मालाचा ट्रॅक्टर काट्यावर गेला की काटापट्टी मिळते, तिच्यावर क्रमांक असतो, आणि आडत्याकडचा दिवाणजी त्या क्रमांकाने वहीत नोंद करतो. तीच काटापट्टी कोणी चुकून पुन्हा पुढे केली, तर तो वही उलटून पाहतो आणि ही आधीच मांडली आहे असे सांगून परत देतो. मालाचे पैसे दोनदा लागत नाहीत ते या क्रमांकामुळे. सॉफ्टवेअरमध्ये आम्ही हेच करतो. ग्राहकाने पैसे देण्याचे ठरवले त्या क्षणी त्या इराद्याला एक क्रमांक देतो, तो प्रत्येक विनंतीबरोबर पाठवतो, आणि क्रमांक ओळखीचा निघाला तर पलीकडचा संगणक नवीन काम न करता आधीचेच उत्तर देतो. आमच्या बोलण्यात त्याला 'आयडेम्पोटन्सी की' म्हणतात. इथे एक बारकावा फार महत्त्वाचा आहे. क्रमांक इराद्याला द्यायचा असतो, बटणाच्या दाबण्याला नव्हे. प्रत्येक दाबण्याला नवा क्रमांक दिला, तर सगळी मेहनत वाया जाते, आणि ही चूक मी स्वतः पहिल्या वर्षी केलेली आहे.

शब्द वापरताना होणाऱ्या गफलतींबद्दल थोडे सांगायला हवे. सर्वांत जास्त आढळणारी गफलत म्हणजे 'दर वेळी उत्तर सारखे यायला हवे' असे समजणे. नोंद काढून टाकण्याची विनंती पहिल्यांदा केल्यावर 'काढली' असे उत्तर येईल आणि दुसऱ्यांदा 'अशी नोंद नाही' असे येईल. उत्तरे दोन झाली, पण नोंद दोन्ही वेळी नाहीच, म्हणून क्रिया आयडेम्पोटंट आहे. हे विशेषण परिणामाबद्दल बोलते, उत्तराबद्दल नाही. दुसरी गफलत म्हणजे त्याचा अर्थ 'निरुपद्रवी' असा घेणे. नोंद काढून टाकण्यात उपद्रव आहेच, फक्त तो एकदाच होतो. 'भाव दीडशेने वाढव' ही आज्ञा आयडेम्पोटंट नाही आणि 'भाव दीड हजार कर' ही आहे, एवढा फरक वाक्याच्या घडणीतून येतो. आज्ञा बदलाची न देता पोहोचायच्या ठिकाणाची द्यायची, ही सवय लागली की निम्मे काम झाले.

मराठीत काय म्हणावे, याचा मी बराच विचार केला. पीर्स यांच्या मूळ गणिती अर्थासाठी 'वर्गसम' हा शब्द नेमका बसतो, कारण तिथे राशी आपल्या वर्गाशी समान असते. पण मोटर सुरू करण्यात वर्ग कुठेच नाही, त्यामुळे तंत्रज्ञानातल्या अर्थाला तो अपुरा पडतो. 'पुनरावृत्तिसह' हा मला अधिक जवळचा वाटतो, म्हणजे पुनरावृत्ती सहन करणारी क्रिया, जसे 'उष्णतासह' म्हणजे उष्णता सहन करणारे. तो लांब आहे आणि जिभेला वळण लावावे लागते, तरी त्यातून अर्थ उलगडतो, आणि शिकवताना मी तो फळ्यावर मूळ शब्दाशेजारी लिहितो.

आप्पांचे ते यंत्र आता काढले आहे. नव्या स्टार्टरला फोन लावला की एक दाबल्यावर मोटर चालू होते आणि दोन दाबल्यावर बंद. रेंज अजूनही तशीच आहे आणि निरोप अजूनही हरवतात, पण आता आप्पा शंका आली की पुन्हा फोन लावतात, पुन्हा एक दाबतात आणि मला न उठवता झोपतात.